उनाडक्यांचा कारखाना

मोटारीला चाकं आहेत, स्टिअरिंग आहे. नाही ते फक्त इंजीन. पोरांचं त्यावाचून काही अडत नाही. चढावर गाडी घोड्याने ओढायची, माथ्यावर घोडा सोडायचा आणि उतारावर सुटायचं, की झाली टॅक्सी. गिऱ्हाइकंही पोरंच. मग घोड्याचा मालक येऊन घोडा घेऊन जातो, धंदा बसतो, आणि शेवटी जेमतेम पाच वर्षांचा फरीना एकटाच त्या बिनइंजिनाच्या गाडीत बसून भर शहराच्या रस्त्यांवरून सुसाट निघतो. ‘वन वाइल्ड राइड’ हा दोन रिळांचा मूकपट १९२५ सालचा. आज तो पाहताना हसू येतं आणि त्याच दमात छातीत धस्सही होतं. हे कुणी, कसं आणि कुणाच्या जिवावर चित्रित केलं, हा प्रश्न मनात आल्याशिवाय राहत नाही.

ते केलं कॅलिफोर्नियातल्या कल्व्हर सिटीच्या हॅल रोच स्टुडिओने. त्याची ‘आवर गँग’ ही मुलांच्या टोळीची चित्रमालिका १९२२ ते १९४४ अशी बावीस वर्षं चालली आणि तिचे २२० लघुपट निघाले. त्यांतले पहिले ८८ मूकपट. मालिका पुढे बोलू लागली, गाऊ लागली, ऑस्करही मिळवून बसली. पण माझ्या मते तिचा खरा जीव त्या पहिल्या ८८मध्येच होता, आणि त्याचं कारण मुलांपेक्षा कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या माणसाच्या आवाजात होतं. त्याकडे पुढे येतोच.

हॅल रोचचा जन्म १८९२चा, न्यूयॉर्क राज्यातल्या एल्मायरा गावचा. मार्क ट्वेनची सासुरवाडी हीच. गावाबाहेरच्या मेहुणीच्या शेतावर तो उन्हाळे काढी आणि टॉम सॉयर, हकलबरी फिन ही दोन उनाड पोरं त्याने बऱ्याच अंशी तिथेच कागदावर उतरवली. रोच स्वतःही शाळेत फार रमणाऱ्यांतला नव्हता. घरातून लवकर बाहेर पडला, अलास्कापर्यंत भटकला, ट्रक हाकले आणि १९१२च्या सुमारास हॉलिवूडमध्ये काउबॉयच्या कपड्यांत गर्दीतला माणूस म्हणून उभा राहिला. तिथेच हॅरल्ड लॉइड नावाचा आणखी एक होतकरू नट त्याला भेटला. थोडा वारसा हाती आला, तसा रोचने १९१४मध्ये डॅन लिंथिकम या भागीदाराबरोबर स्वतःची कंपनी काढली. दोघांच्या आडनावांतून ‘रोलिन’ हे नाव तयार झालं. भागीदार लवकरच बाजूला झाला. लॉइड मात्र टिकला, नावारूपाला आला आणि त्याच्या जोरावर १९२०पर्यंत कल्व्हर सिटीत कंपनीचा स्वतःचा स्टुडिओ उभा राहिला.

टोळीची कल्पना कशी सुचली याची एक गोष्ट रोच आयुष्यभर सांगत राहिला. एक आई आपल्या मुलीला चाचणीसाठी घेऊन आली होती. मुलीच्या तोंडाला रंग फासलेला, हातवारे घटवून घेतलेले. ती गेल्यावर वैतागलेला रोच खिडकीपाशी आला. समोर लाकडाची वखार होती. तिथून उचललेल्या काटक्यांवरून काही पोरांचं जुंपलं होतं. सगळ्यात धाकट्याकडे सगळ्यात मोठी काठी होती आणि सगळ्यात थोरल्याला तीच हवी होती. घरी जाऊन त्या काठ्या फेकूनच द्यायच्या आहेत हे सगळ्यांना ठाऊक, तरी भांडण जिवावरचं. रोच पंधरा मिनिटं पाहत उभा राहिला आणि मग त्याच्या लक्षात आलं, की आपण पंधरा मिनिटं हलण्याचं नावसुद्धा घेतलेलं नाही.

गोष्ट झकास आहे, खरीही असेल. पण रोच गोष्टीवेल्हाळ माणूस होता हे विसरू नये. अर्नी मॉरिसन, म्हणजे पडद्यावरचा ‘सनशाइन सॅमी’, हा कृष्णवर्णीय मुलगा १९१९पासूनच रोचच्या पगारावर होता. त्याला नायक करून वेगळी मालिका काढण्याचा प्रयत्न १९२१मध्ये होऊन गेला होता. त्याच वर्षी चॅप्लिनच्या ‘द किड’ने काचा फोडणाऱ्या पोराला जगभर लाडकं केलं होतं. आणि लॉइड आता मोठे चित्रपट करू लागला होता; तो आज ना उद्या स्वतःचा संसार थाटणार हे उघड होतं. १९२३मध्ये तो गेलाच. म्हणजे वखार समोर होती हे खरं, पण दुसरा खांब शोधण्याची निकडही होती.

पडद्यावरचा खोडकर मुलगा तसा सिनेमाइतकाच जुना. ल्युमिएर बंधूंच्या १८९५च्या पहिल्याच विनोदी चित्रफितीत माळी झाडांना पाणी घालतो, मागून एक पोरगा नळीवर पाय देतो, माळी नळीत डोकावतो आणि पोरगा पाय काढतो. मिनिटभराच्या आत पोराला चोपही मिळतो. आपल्याकडे टोळीच्या तीन वर्षं आधी, १९१९मध्ये, फाळक्यांनी ‘कालिया मर्दन’ काढला. त्यातला बाळकृष्ण म्हणजे त्यांची मुलगी मंदाकिनी. सुरुवातीलाच कॅमेऱ्यासमोर ती एकेक भाव करून दाखवते आणि मग कृष्ण होऊन सवंगड्यांसह गोकुळात धुडगूस घालते. पण तिथे खोडी काढणारा देव असतो, त्यामुळे त्याला सगळं माफ. रोचच्या पोरांना माफी नव्हती आणि ती त्यांनी कधी मागितलीही नाही.

सुरुवात फसली. फ्रेड न्यूमेयर या दिग्दर्शकाकडून पहिला लघुपट करून घेतला, तो रोचला आवडला नाही. तो बाजूला टाकून त्याने काम रॉबर्ट मॅक्गोवनकडे सोपवलं. मॅक्गोवन पूर्वी डेन्व्हरच्या अग्निशमन दलात नोकरीला होता. टोळीचा दुसराच लघुपट ‘फायर फायटर्स’ असावा आणि आगीचे बंब पुढेही तिच्या कथांत पुन्हापुन्हा यावेत, यात नवल नाही. १० सप्टेंबर १९२२ रोजी ‘वन टेरिबल डे’ प्रदर्शित झाला. एका श्रीमंत बाईला लोकांत चांगुलपणा मिरवायचा असतो, म्हणून ती गरीब पोरांना आपल्या बंगल्यावर सहलीला नेते. पुढे काय होतं ते नावातच आलं. मालिकेचं अधिकृत नाव होतं ‘हॅल रोचची वात्रट कार्टी’ अशा थाटाचं. सुरुवातीच्या एका लघुपटाचं नाव मात्र ‘आवर गँग’ होतं. थिएटरवाले आणि प्रेक्षक सगळ्या मालिकेलाच त्या नावाने ओळखू लागले आणि कंपनीनेही ते मुकाट्याने स्वीकारलं.

आता त्या आवाजाबद्दल. मॅक्गोवनने मुलांना संवाद पाठ करायला लावले नाहीत, कारण संवाद नव्हतेच. कथा तो त्यांना खेळासारखी समजावून सांगे आणि मग कॅमेरा चालू असतानाच सतत बोलत राही: आता मागे बघ, कुत्रा आला, घाबरलास, पळ! मूकपटात त्याचा आवाज टिपला जाण्याची भीती नव्हती. मूल ऐकत होतं, ऐकून लगेच करत होतं, आणि ते पहिल्यांदा करतानाचा गोंधळ जसाच्या तसा फिल्मवर उतरत होता. तीन वर्षांच्या मुलाच्या चेहऱ्यावर आपण जी अगदी खरी भीती किंवा लबाडी पाहतो, ती बहुतेक वेळा कुणाचं तरी बोलणं ऐकणाऱ्या मुलाची असते. स्टुडिओचा पाटीलेखक एच. एम. वॉकर याच्या खुसखुशीत पाट्या नंतर मध्ये घालता येत. मुलांकडून पाठांतर करून न घेता सिनेमा काढण्याची ही रीत मूकपटातच शक्य होती.

उनाडकी पडद्यावर कितीही मोकाट दिसो, तिच्यामागची घडी चोख होती. कॅलिफोर्नियाच्या कायद्याने मुलांच्या कामाचे तास बांधलेले होते आणि शिक्षणही सक्तीचं. स्टुडिओच्या आवारातच शाळा होती आणि फर्न कार्टर या बाई तिथे शिकवत. टोळीतली मुलं बदलली, दिग्दर्शक बदलले, पुढे मालकही बदलले. कार्टरबाई मात्र सुरुवातीच्या दिवसांपासून मालिकेच्या अखेरीपर्यंत होत्या. म्हणजे दुपारी शाळा बुडवण्याचा प्रसंग रंगवायचा आणि तो झाला की वर्गात जाऊन गणितं सोडवायची. मला तर या सगळ्या वाटचालीतलं सर्वांत विनोदी दृश्य हेच वाटतं.

दुसरी घडी सुतारकामाची. पोरांनी खोक्यांतून, डब्यांतून, मोडक्या चाकांतून बनवलेली आगगाडी, बंब, टॅक्सी हे मालिकेचं वैशिष्ट्य. ‘द सन डाउन लिमिटेड’ (१९२४) मध्ये तर पोरं आपली स्वतःची रेल्वेच सुरू करतात आणि एका खुनशी पोराने रूळ बिघडवल्यावर ती गाडी रस्त्यांवरून बेफाम धावते. ही वाहनं अर्थातच स्टुडिओतल्या मोठ्या माणसांनी बनवलेली असत. फळी वाकडी दिसली पाहिजे, खिळा अर्धवट ठोकलेला वाटला पाहिजे, पण चाक निखळता कामा नये. चांगली वस्तू बनवणं सोपं. आठ वर्षांच्या पोराने बनवल्यासारखी वाटणारी आणि तरीही मुलांचं वजन पेलणारी वस्तू बनवायला पक्का कारागीर लागतो. धावपळीच्या दृश्यांना त्या काळच्या विनोदपटांची नेहमीची हत्यारं होती: हाताने फिरवायचा कॅमेरा सावकाश फिरवला की पडद्यावर वेग दुप्पट दिसतो. कल्व्हर सिटीचे रस्ते मात्र खरे होते, आणि रस्त्यावर तेव्हा फारशी वर्दळ नव्हती.

या काळातला एकच लघुपट नीट पाहायचा झाला तर मी १९२३चा ‘डॉग्ज ऑफ वॉर’ सुचवेन. सुरुवातीला पोरांचं महायुद्ध चालू असतं, खंदक वगैरे सगळं, आणि दारूगोळा म्हणजे भाजीपाला. टोळीतली मेरी परिचारिका झालेली. मोठ्यांचं खरं महायुद्ध संपून पुरती पाच वर्षंही झालेली नसताना हा खेळ अमेरिकेच्या थिएटरांत दाखवला गेला, हे लक्षात ठेवून तो पाहावा. मग मेरीला शेजारच्या स्टुडिओतून कामाचं बोलावणं येतं. सिनेमात पैसे मिळतात हे कळल्यावर टोळीही तिच्या मागोमाग जाते, दारावर हाकलली जाते आणि अर्थातच आत घुसते. सेटमागून सेट पालथे घालत पळापळ. मध्येच खुद्द हॅरल्ड लॉइड भेटतो. शेवटी पोरांच्या हाती एक बेवारस कॅमेरा लागतो आणि ती आपला सिनेमा काढतात, तोही आधीच वापरलेल्या फिल्मवर. दुसऱ्या दिवशी साहेबलोक आपलं गंभीर नाट्य पाहायला बसतात, तर पडद्यावर त्यांच्या नायक-नायिकेच्या अंगावरून ही कार्टी हिंडताहेत. सिनेमाच्या धंद्याची इतकी गोड टिंगल त्या धंद्यानेच क्वचित केली असेल.

टोळी कायम, मुलं बदलती, हा या संस्थेचा कणा होता. मिकी डॅनियल्सचा ठिपक्याठिपक्यांचा चेहरा आणि दात दाखवून हसणं, स्टुडिओतल्या छायाचित्रकाराची मुलगी मेरी कॉर्नमन, विस्कटलेल्या केसांचा जॅकी कॉन्डन, १९२३मध्ये आलेला गोलमटोल जो कॉब ही पहिली फळी. मूल वाढलं की नवं मूल त्याच्या जागी. तेही थोडं आधीपासून पाठीमागे घोटाळत ठेवलेलं, म्हणजे प्रेक्षकांना ओळख होते. १९२७-२८च्या सुमारास जीन डार्लिंग, मेरी ॲन जॅक्सन, ‘व्हीझर’ हचिन्स अशी दुसरी फळी उभी राहिली. कुत्र्यालाही हाच नियम. डोळ्याभोवती वर्तुळ असलेला पीट १९२७मध्ये आला. त्याच्या मूळच्या अपुऱ्या वर्तुळाला रंगाने पूर्ण केलं जाई. १९३०मध्ये तो गेला आणि त्याच्या पिल्लाने ते वर्तुळ पुढे चालवलं. मुलांना कुणी निरोप समारंभ केला नाही. एका लघुपटात असत, पुढच्यात नसत.

पहिल्या मुलांत सगळ्यांत लांब टिकला तो ॲलन हॉस्किन्स, आपला फरीना. दोन वर्षांचा असताना १९२२मध्ये आला, १९३१मध्ये गेला. १०५ लघुपटांत दिसला. त्याच्या वेण्या, रिबिनी आणि फाटके झगे पाहून हा मुलगा की मुलगी, असा प्रेक्षकांना संभ्रम पडे आणि स्टुडिओ तो मुद्दाम ताणत ठेवी. रडणं हा त्याचा हातखंडा. ओठ थरथरू लागले, की डोळ्यांत पाणी यायच्या आधीच थिएटर त्याचं होऊन जाई.

इथे जरा थांबायला हवं. अमेरिकेच्या दक्षिणेत काळ्या आणि गोऱ्या मुलांना एका बाकावर बसायची कायद्याने बंदी होती, त्या काळात ही टोळी एका ताटात जेवत होती, एका वर्गात शिकत होती, एकाच माणसाच्या शिव्या खात होती. ‘लॉज नाइट’ (१९२३) मध्ये पोरं वंशद्वेष्ट्या कू क्लक्स क्लॅनची नक्कल करत गुप्त मंडळ काढतात आणि त्या मंडळात सॅमी आणि फरीना दोघंही सभासद असतात. त्या वर्षांत क्लॅनचा जोर केवढा होता ते आठवलं, तर हा विनोद धीटच म्हणायचा. पण याच मालिकेत फरीनाच्या तोंडी मोडकी भाषा आहे, कलिंगडाचे विनोद आहेत, काळं मूल म्हणजे भुताला भिणार हे गृहीत आहे. ‘स्पूक स्पूफिंग’ (१९२८) मध्ये टोळी त्याला स्मशानात नेऊन घाबरवते तेव्हा खोडी संपून छळ सुरू होतो, आणि तो कुठे सुरू झाला ते बनवणाऱ्यांना कळलेलं नाही. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. चाहते पहिलीच सांगतात, टीकाकार दुसरीच. मला एवढंच दिसतं, की पडद्यावरची मुलं एकमेकांशी वागताना लेखकांपेक्षा मोकळी होती.

१९२४मध्ये सॅमी टोळी सोडून रंगमंचाच्या दौऱ्यांवर गेला. १९२७मध्ये रोचने वितरणासाठी पाथे कंपनीला सोडून एमजीएमचा हात धरला. पैसा वाढला, थिएटरं वाढली. नकलाकारही वाढले. त्यांतल्या ‘मिकी मग्वायर’ मालिकेने मिकी रूनी हा नट दिला, एवढी तिची पुण्याई. स्टुडिओत आता लॉरेल आणि हार्डी ही जोडीही जमली होती, चार्ली चेस होताच. विनोदाच्या या आवारात त्या वर्षांत कामाचे दिवस कोणते आणि सणाचे कोणते हे सांगणं कठीण गेलं असेल.

मग १९२९ आलं. मे महिन्यात ‘स्मॉल टॉक’ हा टोळीचा पहिला बोलपट लागला. उरलेले मूकपट त्या वर्षाअखेर बाहेर पडले आणि ते पर्व संपलं. मॅक्गोवनची पंचाईत झाली. माइक चालू असताना दिग्दर्शकाला गप्प बसणं भाग होतं. चार-पाच वर्षांच्या मुलांनी, ज्यांना अजून वाचता येत नाही त्यांनीही, वाक्यं पाठ करायची आणि योग्य वेळी म्हणायची. पहिले काही बोलपट पाहिले की मुलं मध्येच कॅमेऱ्याबाहेर कुणाकडे तरी नजर टाकताना दिसतात. तिथून आता उत्तर येत नव्हतं. मॅक्गोवन तरीही टिकला, चांगले बोलपटही केले, पण तब्येत आणि मन दोन्ही थकलं आणि १९३३मध्ये त्याने टोळी सोडली.

पुढचा भाग मालिकेच्या प्रसिद्धीचा आहे, माझ्या आवडीचा नाही. स्पँकी, अल्फाल्फा, बकव्हीट ही आज सर्वांत ओळखीची नावं याच काळातली. १९३६च्या ‘बोअर्ड ऑफ एज्युकेशन’ला ऑस्कर मिळालं. १९३८मध्ये रोचने टोळी, नावासकट, एमजीएमला विकून टाकली. मोठ्या कंपनीने ५२ लघुपट काढले, त्यात पोरं हळूहळू सुधारली, देशभक्तीची गाणी म्हणू लागली, वडीलधाऱ्यांचं ऐकू लागली. १९४४मध्ये मालिका बंद पडली आणि कुणी फारशी हळहळ केली नाही.

रोचने आपले जुने लघुपट परत मिळवले, पण ‘आवर गँग’ हे नाव एमजीएमकडेच राहिलं. म्हणून पन्नाशीच्या दशकात टीव्हीवर बोलपट गेले ते ‘द लिटल रास्कल्स’ या नावाने. ते इतके चालले, की त्यांच्या हक्कांवर उभी राहिलेली किंग वर्ल्ड कंपनी पुढे ओप्रा विन्फ्रीचा कार्यक्रम देशभर वितरित करण्याएवढी मोठी झाली. १९७१मध्ये तिनेच वंशद्वेषी वाटणारे प्रसंग कात्रीखाली घातले. पाथेच्या काळातल्या मूकपटांची तऱ्हा निराळी: १९६०च्या सुमारास त्यांची काटछाट करून, वर संगीत आणि निवेदन चिकटवून ‘मिस्चिफ मेकर्स’ नावाने ते दाखवले गेले. मुलांना यातून एक छदामही मिळाला नाही. करारात पुनःप्रक्षेपणाचा विचारच नव्हता. सॅमीने उत्तरायुष्यात विमान-अवकाश उद्योगात नोकरी केली. फरीना अपंगांच्या पुनर्वसनाच्या कामात शिरला आणि १९७५मध्ये कृष्णवर्णीय चित्रकर्मींच्या सन्मानदालनात त्याचं नाव लागलं.

स्टुडिओ दुसऱ्या महायुद्धात लष्कराकडे गेला. तिथे प्रशिक्षणाच्या फिल्म बनत आणि गमतीने त्याला ‘फोर्ट रोच’ म्हणत. नंतर टीव्ही मालिका, मग कर्ज, दिवाळं आणि १९६३मध्ये पाडकाम. रोच मात्र खणखणीत होता. १९८४मध्ये त्याला मानाचं ऑस्कर मिळालं, तेव्हा ते द्यायला स्पँकी आणि टोळीतलाच जॅकी कूपर व्यासपीठावर होते. मार्च १९९२मध्ये शंभरी गाठलेला रोच ऑस्कर समारंभात प्रेक्षकांतून उठून बोलू लागला, पण त्याच्यापुढे माइकच नव्हता. सूत्रसंचालक बिली क्रिस्टलने लगेच म्हटलं, की मूकपटांपासून सुरुवात केलेल्या माणसाला हे शोभूनच दिसतं. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये रोच गेला.

त्या ८८ मूकपटांतले काही हरवले, काही घरगुती प्रोजेक्टरसाठी काढलेल्या तुटक्या प्रतींमधून जोडून घ्यावे लागले. सुरुवातीचे बरेच आता हक्कमुक्त असल्याने सहज सापडतात, पण प्रती नीट निवडाव्या लागतात: चुकीच्या वेगाने चालवलेली प्रत हाती लागली, तर मुलं धावत नाहीत, फडफडतात. ‘डॉग्ज ऑफ वॉर’नंतर ‘द सन डाउन लिमिटेड’ पाहावा, मग ‘वन वाइल्ड राइड’. आणि घरात आठ-दहा वर्षांचं कुणी असेल, तर जुनी चाकं, फळ्या आणि दोऱ्या आधी कुलपात ठेवाव्यात.